माहेरवाशिणींचा जिना

मोजणीबाई रोज सकाळी पावणेआठला अडतीस पायऱ्या उतरून जमिनीखाली जायची आणि नदीच्या पोटाला डोळे लावून बसायची. चौदा वर्षं झाली. तिचं खरं नाव दूधवाल्याला माहीत नव्हतं आणि दाताच्या डॉक्टरलाही नव्हतं. सगळं गाव तिला मोजणीबाई म्हणायचं, आणि नवराही लाडात आला की तेच म्हणायचा.

खोली दहा बाय आठची. तीन भिंती सिमेंटच्या, चौथी काचेची, आणि काचेपलीकडे पाणी. आत एक टेबल, एक खुर्ची, खुर्चीवर तिनेच शिवलेली उशी, डोक्यावर चार फुटी ट्यूब आणि भिंतीवर नदीतल्या माशांच्या चित्रांचा तक्ता. टेबलावर ओळीने सहा मोजणीयंत्रं होती, अंगठ्याने खटका दाबला की आकडा एकाने पुढे सरकवणारी. एकेका जातीच्या माशाला एकेक यंत्र. बारक्या चंदेरीचं, मिशाळाचं, पट्टेवाल्याचं, अशी पाच यंत्रं वापरून वापरून गुळगुळीत झाली होती. सहावं मात्र कोरं करकरीत. आणि गंमत अशी की ही खोली, ही काच, बाहेरचा तो पायरीपायरीने पाणी सोडणारा माशांचा जिना, हा सगळा खटाटोप त्या सहाव्या यंत्राच्या माशासाठीच झाला होता.

त्या माशाची गोष्ट सांगायची तर नदीपासून सुरुवात करायला हवी. नदी तशी फार लांब नाही. डोंगरातल्या एका ओल्या कुरणातून ती निघते, नव्वद किलोमीटर गोटे घासत, आदळत आपटत खाली येते, मैदानात उतरली की तिला सुस्ती चढते आणि मग वळणं घेत घेत सावकाश समुद्राला मिळते. या दोन स्वभावांच्या मधोमध, डोंगर संपतो नेमकं तिथे, शहात्तर वर्षांपूर्वी कापडगिरणीसाठी भिंत बांधली गेली. गिरणीची चाकं पाण्यावर फिरली, लोकांच्या हाताला काम मिळालं, शाळा आली, पूल आला. चाळीस वर्षांनी गिरणी बंद पडली, तिची धुराडी पाडली, यंत्रं भंगारात गेली. भिंत पाडायचं मात्र कुणाच्या डोक्यात आलं नाही.

भिंतीआधी समुद्राकडून एक मासा यायचा. हातभर लांब, पोटाला रुपेरी. पुस्तकात त्याचं नाव जिभेला गाठ मारणारं होतं. वरच्या अंगाच्या खेड्यांत त्याला माहेरवाशीण म्हणायचे. आयुष्य काढायचं खाली खाऱ्या पाण्यात, पण अंडी घालायला यायचं ते जिथे जन्म झाला त्याच गोड्या पाण्यातल्या गोट्यांवर, मग दुसरं काय म्हणणार? भिंत झाली आणि माहेरची वाट बंद झाली; थोड्या जणींनी भिंतीखालच्या गोट्यांवरच कसाबसा वंश टिकवला. बरं, नुकसान एकट्या माशांचं झालं नाही. नदीतल्या शिंपल्यांची पिल्लं डोळ्यांना दिसणार नाहीत एवढी बारीक असतात. ती या माशांच्या कल्ल्यांना चिकटून फुकटात प्रवास करायची आणि वर गेल्यावर वाळूत उतरायची. मासे थांबले, तशा नव्या शिंपल्याही थांबल्या. भिंतीच्या वर आजही शिंपल्या सापडतात, पण सगळ्या ऐंशीच्या घरातल्या.

"म्हणजे माझ्या मैत्रिणी," सासूबाई म्हणायच्या.

सासूबाई चौऱ्याऐंशीच्या. भिंतीच्या वर नऊ किलोमीटरवर, नदी कोपरासारखी वळते तिथलं खेडं त्यांचं माहेर. वडील मासे धरायचे. भिंत झाली तेव्हा त्या आठ वर्षांच्या होत्या, आणि त्या वर्षी वडील जाळं टाकून रिकाम्या हाताने परत आले ती संध्याकाळ त्यांना अजून आठवत होती. सुनेला माशांच्या जिन्यावर नोकरी लागली तेव्हा त्यांनी गल्लीभर साखर वाटली होती. त्यानंतर मात्र चौदा वर्षं त्यांनी सुनेला सुखाचा एक घोट चहा घेऊ दिला नव्हता. ती संध्याकाळी दारात पाऊल टाकायचा अवकाश, प्रश्न तयार असायचा.

"आल्या का गं माझ्या माहेरच्या?"

"नाही आल्या, आई."

"मग दिवसभर काय मोजलंस?"

"मिशाळ बावीस, पट्टेवाले—"

"त्यांना कोण विचारतंय! ते काय, बोलावलं नाही तरी जेवायला येणारे."

सुनेला राग यायचा नाही असं नाही. पण राग गिळून ती पोळपाटाएवढ्या त्यांच्या खोलीत जाऊन त्यांच्या डोळ्यांत औषधाचे थेंब घालायची, आणि थेंब घालताना दोघी नदीबद्दलच बोलायच्या. दुसऱ्या कशाबद्दल त्यांचं इतकं पटायचंही नाही.

कोडं असं होतं की मासे येत होते. दरवर्षी सहा आठवड्यांच्या हंगामात भिंतीखालच्या डोहात त्यांचे थवे जमायचे, पुलावरून पाठी दिसायच्या. जिन्याच्या तोंडाशी यायचे, दहा-बारा पायऱ्या चढायचेही. मग कुठेतरी त्यांचं मन फिरायचं आणि सगळे माघारी. तज्ज्ञ आले. एकाने सांगितलं, जिना चढा आहे. दुसऱ्याने सांगितलं, पायऱ्या बुटक्या आहेत. मग पायऱ्या उंच केल्या, तेव्हा तिसऱ्याने येऊन सांगितलं की त्या आता फार उंच झाल्या. जिन्याला नावं ठेवून सगळे मोकळे झाले, आणि रजिस्टरच्या सहाव्या रकान्यात शून्याखाली शून्य साठत राहिलं.

शेवटी यंदा नदीखात्याने पत्र पाठवलं. हंगाम संपेपर्यंत एकही माहेरवाशीण वर गेलेली दिसली नाही, तर जिना कायमचा बंद करून त्याचं पाणी कालव्याला द्यायचं. मोजणीबाईची नोकरी जाणार नव्हती. तिला कार्यालयात, उजेडात, खिडकीजवळचं टेबल मिळणार होतं. मैत्रिणींनी अभिनंदन केलं. ती त्या दिवशी पायऱ्यांवर बसून रडली. सासूबाईंना तिने पत्राचं सांगितलंच नाही. कुठल्या तोंडाने सांगणार? तुमच्या माहेरचं दार आता नुसतं बंद नाही, लिंपून टाकणार आहेत, असं?

हंगामाच्या शेवटच्या आठवड्यातला सोमवार उजाडला. सव्वादहाला ट्यूब दोनदा डोळे मिचकावून विझली.

इथे दिव्याबद्दल दोन शब्द सांगायला हवेत. एकही मासा न मोजता वर जाऊ नये, असा खात्याचा कडक नियम होता. म्हणून कुणा हुशार माणसाने जिन्याची झडप आणि खोलीतला दिवा एकाच बटणावर जोडून टाकले होते. सकाळी आठला बटण दाबलं की दिवा लागायचा आणि झडप उघडायची; संध्याकाळी पाचला दोन्ही बंद. अंधारात जिना उघडा, असं कधी घडणंच शक्य नव्हतं. ट्यूब ऐन हंगामात जाऊ नये म्हणून दरवर्षी नवी बसवायची हाही नियम. यंदा मात्र कुणी बसवली नाही. बंदच करायचंय, तर ट्यूब कशाला वाया घालवा?

मोजणीबाईने वर जाऊन वायरमनला फोन केला. तो म्हणाला, उद्या येतो. बटण बंद करावं तर झडप पडणार, आणि हंगामाचे उरलेच होते किती दिवस? तिने बटणाला हात लावला नाही. चाचपडत खाली आली आणि खुर्चीत बसून राहिली.

हळूहळू डोळे सरावले. वरचं पाणी उघड्या आभाळाखाली होतं, त्यातून गाळून गाळून थोडा हिरवट उजेड काचेपर्यंत पोहोचत होता. तिला पहिल्यांदा जाणवलं ते हे की काचेत आज तिचा चेहरा नाही. एरवी ट्यूबच्या उजेडात आधी स्वतःचा चेहरा दिसायचा, मग चष्मा, मग टेबल, आणि त्यांच्या आडून मासे. आज पलीकडे नुसतं पाणी होतं.

आणि मग पाण्यातून एक सावली आली.

हातभर लांब. काचेसमोर येऊन ती थांबली, वीतभर मागे सरली, कूस वळवली आणि एका झटक्यात वर निघून गेली. मोजणीबाई जागची हलली नाही. मागून दुसरी आली. मग दोन बरोबर. मग पाच. प्रत्येक सावली थांबायची, मागे सरायची, वळायची, जायची. तिचा हात यंत्रांकडे गेला आणि अधांतरीच राहिला. कुठला खटका दाबायचा? रंग दिसत नव्हता, पट्टे दिसत नव्हते, खवले दिसत नव्हते. शेवटी तिने रजिस्टर उघडून मागच्या पानावर अंदाजाने रेघा ओढल्या. पाच वाजता उजेडात जाऊन मोजल्या, तर एक्केचाळीस भरल्या.

 संध्याकाळी तिने घराच्या दारात पाऊल टाकलं.

"आल्या का गं?" सासूबाईंनी विचारलं.

"माहीत नाही, आई."

सासूबाईंनी मान वळवून तिच्याकडे नीट बघितलं. चौदा वर्षांत उत्तर पहिल्यांदा बदललं होतं. 

मंगळवारी नऊ वाजता वायरमन आला, शिट्टी वाजवत स्टुलावर चढला आणि नवी ट्यूब लावून गेला. लख्ख पांढरा उजेड पडला. खोलीचा कोपरान् कोपरा उजळला. मोजणीबाई तीन तास काचेला डोळे लावून बसली. मिशाळ आले, बारके चंदेरी आले. त्या हातभर सावल्यांपैकी एक नाही. बारा वाजता खाली, उजेडाच्या कडेला, तिला काहीतरी हललेलं दिसलं. ती नीट बघायला खुर्चीतून पुढे झुकली, आणि जे काही होतं ते गर्रकन वळून नाहीसं झालं.

ती तशीच झुकलेली राहिली. समोर काचेत तिचाच चेहरा होता, तोंड उघडं, चष्मा नाकावर घसरलेला.

मग तिला सगळं कळलं. जिना चढा नव्हता. पायऱ्या बुटक्याही नव्हत्या आणि उंचही नव्हत्या. शेतात बुजगावणं उभं करावं तशी ती स्वतः वाटेत बसली होती, डोक्यावर दिवा लावून, चौदा वर्षं, एकही दिवस खाडा न करता! तापातसुद्धा आली होती. बहिणीच्या लग्नातून दुपारी निघून आली होती. जेवढं जास्त इमानाने काम केलं तेवढी वाट पक्की अडवली होती. तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आणि गंमत बघा, त्याच वेळी पोटातून हसू फुटलं, कारण म्हणजे जिना चालत होता! मासे वर जाऊ शकत होते! ती डोळे पुसत अडतीस पायऱ्या एका दमात चढली.

वायरमन पुलावरच्या दिव्यांचं काम उरकून कठड्यावर बसून डबा खात होता.

"दादा, ट्यूब काढा."

"का? लागत नाही?"

"छान लागते. काढा."

त्याने घास हातात धरून तिच्याकडे बघितलं. "ताई, पंचवीस वर्षं हे काम करतोय. दिवा लागत नाही म्हणून लोक बोलावतात. लागतो म्हणून तक्रार करणाऱ्या तुम्ही पहिल्याच."

"आणि झडपेचं बटण तसंच चालू राहू द्या."

"तब्येत बरी आहे ना?"

"इतकी बरी कधीच नव्हती," ती म्हणाली. त्याने डबा बंद केला आणि तिच्यामागे खाली उतरला. ट्यूब काढली, काखेत मारली, आणि कुतूहल आवरेना म्हणून पाच मिनिटं तिच्या शेजारी अंधारात उभा राहिला. पहिली सावली आली तशी त्याची शिट्टी बंद पडली.

मंगळवारी दुपारनंतर सतरा. बुधवारी त्रेसष्ट. गुरुवारी अठ्ठावन्न. शुक्रवारी साहेब आले.

साहेब वयाने तिच्या धाकट्या भावाएवढे, नुकतेच बदलून आलेले, बारीक अंगाचे आणि कागदाला फार भिणारे. बंद करण्याचा आदेश त्यांच्या बॅगेत तयार होता, फक्त सही राहिली होती. अंधाऱ्या खोलीत ते टेबलाच्या कोपऱ्यावर आपटले, मग मोबाइलच्या उजेडात त्यांनी रजिस्टर उघडलं.

"हे काय लिहिलंय? सावल्या, त्रेसष्ट?"

"मोबाइल विझवा आधी, साहेब. त्या बुजतात." मग तिने त्यांना सगळं सांगितलं. स्वतःची चूक आधी सांगितली, अगदी बुजगावण्यासकट. साहेब ऐकत राहिले. समोरून सात सावल्या गेल्या.

"मोठे मिशाळ असतील," ते शेवटी म्हणाले.

"मिशाळ तळाला पोट घासत जातो. या मधून जातात."

"माझा तुमच्यावर विश्वास आहे, बाई. पण सावलीची जात काय म्हणून लिहू? तुम्ही सरळ त्या माशाच्या रकान्यात त्रेसष्ट लिहिलं असतं, तर मी विचारलंही नसतं."

"आलं होतं मनात," ती म्हणाली. "खटका दाबायला कितीसा वेळ लागतो? पण इतकी वर्षं शून्य लिहिलं ते खरं होतं म्हणून लिहिलं. आता न बघता आकडा लिहिला तर ती शून्यंही खोटी पडतील."

साहेबांनी सुस्कारा टाकला. आदेशावर संध्याकाळपर्यंत सही व्हायला हवी होती. मोजणीबाईला जाणवलं की आपण खरं बोललो आणि त्यापायीच हरणार आहोत. तेव्हा तिला सुचायचं ते सुचलं.

"साहेब, हे मासे भिंतीच्या वरच्या नदीत बघितलेलं एकच माणूस आता आमच्या माहितीत आहे. माझ्या घरी आहे. तासभर थांबाल?"

सासूबाईंना गुडघ्यांमुळे पायऱ्या जमत नव्हत्या. फोन करून बोलावलेल्या वायरमनने खुर्चीचे मागचे पाय धरले, साहेबांनी पुढचे, आणि वरात अडतीस पायऱ्या उतरू लागली.

"सांभाळून रे," सासूबाई म्हणाल्या. "उचलायला दोघंच आहात म्हणजे माझी वेळ अजून आलेली नाही. चौघं असते तर मी घाबरले असते."

खाली त्यांना काचेसमोर बसवलं. वाटेत सुनेने त्यांना सगळं सांगून टाकलं होतं, पत्राचंही. त्यावर त्या एवढंच म्हणाल्या होत्या, "दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा." आता त्या शाल सावरून पुढे झुकून बसल्या.  पाण्याचा खर्जातला आवाज येत होता.

"आजी, रंग दिसत नाही, तुम्हाला कसं—" साहेबांनी सुरुवात केली.

"रंग कुणाला हवाय? लहानपणी आम्ही वळणावरच्या खडकावर पालथ्या पडून बघायचो. वरून मासा दिसतच नाही मुळी, पाठ असते गोट्यांच्या रंगाची. दिसते ती तळावरची सावली. मी आयुष्यात यांच्या सावल्याच बघितल्यात, बाबा."

एक सावली आली.

"थांबेल आता," सासूबाई म्हणाल्या. ती थांबली. "मागे सरेल." ती मागे सरली. "हं, कूस वळव बाई, वळव, वळव... आणि आता जा!" सावली झटक्यात वर गेली.

दुसरी आली. सासूबाईंनी पुन्हा आधी सांगितलं, सावलीने नंतर केलं. तिसरी, चौथी. जणू त्या हुकूम सोडत होत्या आणि मासे ऐकत होते. मग पाचवी आली. त्यांनी अंधारात सुनेचा हात शोधला आणि घट्ट धरून ठेवला. त्या रडत होत्या. सूनही रडत होती, आणि वायरमन उगाचच नाक ओढत होता.

"त्याच आहेत, यात मला आता शंका नाही," साहेब हळूच म्हणाले. "पण फॉर्मवर छापलंय, प्रत्यक्ष उजेडात पाहिलेला मासा. आजींनी ओळखला, असा रकानाच नाही हो."

"मग असं अंधारात बसून काय करताय?" सासूबाईंनी शालीने डोळे पुसले. "माहेरी गेलेली बाई कुठे सापडणार? माहेरीच ना? चला. मी दाखवते."

साहेबांनी आदेशाची घडी घालून खिशात ठेवली. "उद्या सकाळपर्यंत सही पुढे ढकलतो," ते म्हणाले. त्यांच्या कारकिर्दीतला हा बहुधा पहिलाच बेशिस्तपणा असावा.

शनिवारी सकाळी खात्याची जीप नदीच्या कडेकडेने वर निघाली. भिंतीमागचं पाणी आधी तीन किलोमीटर सुस्त पडलेलं होतं, मग त्याला जाग येत गेली, आणि नवव्या किलोमीटरला नदी खळाळत होती. वळणावर खेड्यातली चार-पाच घरं उरली होती. खडक जागच्या जागी होता. सासूबाईंनी जीपमधूनच त्याला हात केला.

त्यांना खडकावर बसवून साहेब आणि मोजणीबाई खाली उतरले. दोघांनी बूट-चपला काढल्या. वळणाच्या आतल्या अंगाला पाणी गुडघाभर होतं आणि तळाला लिंबाएवढे गोटे होते, सगळे शेवाळाने काळपट.

"सगळे काळे आहेत का बघा नीट," वरून आवाज आला. "अंडी घालण्याआधी ती शेपटीने जागा झाडून घेते."

आणि खरंच, सगळे काळे नव्हते. मध्ये चटईएवढा एक तुकडा होता, त्यातले गोटे घासून घेतल्यासारखे स्वच्छ, पिवळट, लखलखीत. पलीकडे दुसरा. त्याच्या पलीकडे आणखी तीन.  सूर्य तेवढ्यात टेकडीच्या वर आला, ऊन सरळ पाण्यात शिरलं, आणि ज्या गोष्टीला ती पाण्याची चमक समजत होती ती हलली.

तो मासा होता. पोट रुपेरी होतं हे तिला ठाऊक होतं, पण कल्ल्यांमागे फिकट गुलाबी असतं हे तक्त्यात कुणी रंगवलंच नव्हतं. आडवी होऊन ती माहेरवाशीण शेपटीने गोटे झाडत होती, सपासप, घरात पाहुणे यायच्या आधी कुणी खोली झाडावी तशी. शेजारी दुसरी. मागे आणखी. साऱ्या वळणभर पाणी जिवंत झालं होतं. एक मोजणीबाईच्या पायाला घासून गेली, थंडगार आणि दणकट, आणि ती लहान मुलीसारखी किंचाळली. साहेब "अरे, अरे, अरे" एवढंच म्हणत पुढे गेले आणि बघता बघता कमरेपर्यंत बुडाले. खिशातला आदेश भिजून लगदा झाला. ते त्यांच्या लक्षातही आलं नाही.

किती वेळ गेला कुणास ठाऊक. मग साहेब भानावर आले आणि काठावर ठेवलेलं रजिस्टर घ्यायला धावले.

"एक दिसला तरी पुरे होता, बाई! जिना राहिला! आता कुणाची हिंमत नाही बंद करायची. किती होते? संख्या सांगा, लिहून टाकतो."

मोजणीबाईने पाण्याकडे बघितलं. चौदा वर्षं मोजण्याशिवाय दुसरं काही केलं नव्हतं, आणि आज, ज्यांच्यासाठी मोजत बसली त्या समोर आल्या, तर मोजायचंच राहून गेलं होतं.

"तुम्ही मोजले असतील ना, साहेब?" तिने चाचरत विचारलं.

"मी? मला वाटलं तुम्ही..."

"सत्तावीस," खडकावरून आवाज आला.

दोघांनी वर बघितलं. सासूबाई खडकावर पालथ्या पडल्या होत्या, हनुवटी हातांवर, शाल एका बाजूला घसरलेली.

"सत्तावीस आहेत. दोनदा मोजले. दोन पगारी माणसं पाण्यात उभी, आणि काम कुणी केलं? बिनपगारी म्हातारीनं!"

साहेब हसत सुटले, मोजणीबाई हसत सुटली, आणि हसता हसताच साहेबांनी संख्येच्या रकान्यात सत्तावीस लिहिलं. मग पेन तिच्याकडे दिलं. "मोजणाऱ्याचं पूर्ण नाव लागतं."

तिने सासूबाईंचं नाव लिहिलं. आडनावापाशी पेन थांबलं. तिने मान वर केली.

"आई, तुमचं माहेरचं आडनाव काय हो?"

लग्नाला चौसष्ट वर्षं झाली होती. इतक्या वर्षांत हा प्रश्न त्यांना कुणी विचारला नव्हता. सासूबाई उठून बसल्या, शाल नीट केली आणि नदीच्या आवाजावर आवाज चढवून त्यांनी ते सांगितलं. एकदा सांगून समाधान होईना म्हणून पुन्हा सांगितलं, आणि मग नीट लिहिलंय की नाही ते बघायला रजिस्टर वर मागवून घेतलं.